उत्तरेच्या भिंतीचा पहिला ओंडका

मित्रांनो, मी एक जुना ओंडका आहे. ओंडका म्हटले की तुम्हाला शेकोटी आठवत असेल. मी मात्र एकशे तेरा वर्षे एक अख्खे चर्च पाठीवर पेलले. आज माझ्या पाठीवर काहीच नाही. मी दोन दगडांवर पडून आहे आणि माझ्या जागी दुसरा कोणी तरी भार वाहतो आहे. हे कसे घडले ते ऐका.

अमेरिकेतल्या बेलव्ह्यू शहराहून दीड तास गाडी चालवली की रस्ता डोंगरात शिरतो. तिथे नदीच्या वळणावर ऑर्थोडॉक्स पंथाचा एक लहानसा मठ आहे. हा ख्रिस्ती धर्मातला फार जुना पंथ. याचे साधू लांब काळे झगे घालतात, दाढी राखतात आणि प्रार्थना उभ्याने करतात. म्हणून त्यांच्या चर्चमध्ये बाके नसतात. भिंतींवर संतांची चित्रे असतात, त्यांच्यापुढे मेणबत्त्या तेवतात आणि धुपाचा वास लाकडात मुरलेला असतो. माझ्यातही तो अजून आहे. नाक लावून पाहा.

मी मूळचा याच डोंगरावरचा देवदार. लाल लाकडाचा, धुक्यात वाढलेला. १९११ च्या हिवाळ्यात मला तोडले. हिवाळ्यात अशासाठी की तेव्हा झाडातला रस मंदावलेला असतो आणि लाकूड कमी तडकते. मला तोडणाऱ्याचे नाव वासिल. तो समुद्रापलीकडच्या कार्पेथियन पर्वतातून इथे कोळशाच्या खाणीत कामाला आला होता. दिवसभर तो जमिनीखाली असे, पण त्याच्या हातांना गावाकडचे सुतारकाम आठवत होते. खाणीतले आणि लाकूड गिरणीतले त्याचे गाववाले सुट्टीच्या दिवशी येत आणि पाच साधूंसाठी चर्च बांधत.

हे चर्च कसे बांधले ते सांगतो, कारण पुढची सगळी गोष्ट त्यावरच उभी आहे.

आम्ही ओंडके एकावर एक आडवे रचलेले. कोपऱ्यात एकमेकांत खाचा करून अडकवलेले. भिंतीत एकही खिळा नाही. प्रत्येक ओंडक्याच्या खालच्या अंगाला लांबच लांब पन्हळ कोरलेली असे. खालच्या ओंडक्याची गोल पाठ तिच्यात नीट बसे. कोरायला ओंडका उलटा करावा लागे, मग पुन्हा सुलटा. एका दिवसात जेमतेम एक ओंडका होई.

वासिलचा जोडीदार पेत्रो एकदा कंटाळून म्हणाला, "अरे, खालच्याच्या पाठीवर पन्हळ कोरू या की. उलटसुलट करायची कटकट नको. कोणाला दिसणार आहे?"

"पाण्याला दिसेल," वासिल म्हणाला.

"पाण्याला डोळे असतात का?"

"तुझ्यापेक्षा बरे. वर तोंड केलेल्या पन्हळीत ते येऊन बसेल. पाण्याला वाट द्यावी, पेत्रो. बसायला जागा देऊ नये."

हे वाक्य मी माझ्या अंगावर बसलेल्या वासिलच्या तोंडून ऐकले. तेव्हा मला ते सुतारकामापुरतेच वाटले होते.

चर्चची रचना साधी. पश्चिमेला प्रवेशाची बुटकी खोली. मध्ये उंच, चौकोनी सभामंडप. पूर्वेला गाभारा. सभामंडप आणि गाभारा यांच्यामध्ये संतांच्या चित्रांची एक लाकडी भिंत. वर गेल्यावर चौकोनाचा अष्टकोन होतो आणि अष्टकोनावर कांद्याच्या आकाराचा घुमट बसतो. घुमटावर तळहाताएवढ्या लाकडी चकत्या, माशाच्या खवल्यांसारख्या. पावसाचा थेंब एका खवल्यावरून दुसऱ्यावर उतरत जमिनीपर्यंत जातो. कुठे थांबत नाही. इथेही वासिलचा तोच नियम.

माझी जागा मात्र उत्तरेच्या भिंतीत, सगळ्यात खाली, दगडी पायावर. तिथे ऊन येत नाही. घुमटाकडे लोक मान वर करून पाहत. माझ्याकडे पाहायला गुडघे टेकावे लागत.

दोन ओंडक्यांच्या सांध्यात वासिलने शेवाळ भरले. जंगलातले, धुऊन वाळवलेले. लाकूड हिवाळ्यात फुगते, उन्हाळ्यात आकसते. त्याबरोबर शेवाळही दबते आणि सैल होते. ओल घेते आणि वारा लागला की सोडून देते. दर वर्षी थोडे शेवाळ गळून पडे. म्हणून सप्टेंबर आला की साधू लाकडी पाचर आणि मोगरी घेऊन चर्चभोवती बसत आणि सांध्यांत नवे शेवाळ ठोकत. सकाळपासून दुपारच्या प्रार्थनेपर्यंत टक् टक् टक् असा आवाज चाले. ते या कामाला 'भिंतीचे जेवण' म्हणत. मित्रांनो, वर्षातून एकदा का होईना, पण गुडघे टेकून कोणी तरी माझ्याजवळ बसत असे. ते माझे सुखाचे दिवस होते.

मग खाण बंद पडली. गाववाले कामाच्या शोधात पांगले. पाचांचे चौदा झालेले साधू आता सहाच उरले, तेही म्हातारे.

१९७१ मध्ये पंचवीस वर्षांचे ब्रदर तिखोन मठात आले. आधी ते सिअ‍ॅटलमध्ये पुलांच्या कामावर काँक्रीट ओतत. सप्टेंबरच्या गारठ्यात म्हाताऱ्या साधूंची सुजलेली बोटे शेवाळ ठोकताना त्यांनी पाहिली आणि त्यांना ते बघवले नाही. दोन वर्षांनी उन्हाळ्यात त्यांनी एकट्याने साऱ्या भिंतींचे सांधे सिमेंटने भरले. काम इतके सफाईदार की मठाधिपतींनी त्यांच्या डोक्यावर हात ठेवला. "आता शंभर वर्षं बघायला नको," ते म्हणाले.

आणि खरोखरच कोणी बघितले नाही. पुढच्या सप्टेंबरात टक् टक् झाली नाही.

लाकूड फुगते, आकसते. सिमेंट जागचे हलत नाही. दोघांमध्ये केसाएवढी फट पडली. पावसाचे पाणी तिच्यातून आत शिरले आणि त्याला बाहेर यायला वाट उरली नाही. ते ओंडक्यामागून ओंडका उतरत खाली आले. सगळ्यात खाली मी होतो. मी ते घेत राहिलो. पन्नास वर्षे.

बाहेरून काही दिसत नव्हते. लोक येत, घुमटाचे फोटो काढत, जात. तिखोन तरुणाचे म्हातारे झाले, ब्रदरचे फादर झाले. रोज पहाटेच्या प्रार्थनेनंतर ते उत्तरेच्या भिंतीला तळहात लावून क्षणभर उभे राहत. त्यांच्या हाताची ऊब वरच्या ओंडक्यांतून झिरपत माझ्यापर्यंत येई, असे मला वाटे.

यंदा जानेवारीत जड बर्फ पडले आणि चर्चचा दरवाजा अडकला. वायव्येचा कोपरा दोन बोटे खचला होता. सरकारी तपासनीस आला, त्याने कुलूप लावले आणि कागद चिकटवला. नव्वद दिवसांत तज्ज्ञाचा अहवाल द्या, नाहीतर इमारत उतरवा. मठात आता तीनच साधू उरले होते. ते भोजनघरात प्रार्थना करू लागले. फादर तिखोन मात्र रोज येऊन बंद दाराला हात लावून परत जात.

फेब्रुवारीत एका बुधवारी एक गाडी आली. तिच्यातून लाकडाची तज्ज्ञ उतरली. नाव नेत्रा, मूळची नागपूरची, काम बेलव्ह्यूत. तिच्याबरोबर तिची आई शुभाकाकू होत्या. त्या नागपूरच्या शाळेत वनस्पतिशास्त्र शिकवून निवृत्त झालेल्या आणि सहा महिन्यांसाठी लेकीकडे आलेल्या.

"आई, तू कारमध्येच बस ना. हीटर ऑन ठेवते."

"मी काय पार्सल आहे का, गाडीत ठेवून द्यायला?"

"बाहेर चार डिग्री आहे!"

"असू दे. घरात बसून तुझ्या डिशवॉशरचा आवाज ऐकण्यापेक्षा हे बरं."

मराठी मी त्या दिवशी प्रथम ऐकली. लाकडाला शब्द कळायला वेळ लागतो, पण आवाजातला कंप लगेच कळतो.

नेत्राने गुडघे टेकले. पन्नास वर्षांत पहिल्यांदाच कोणी तरी माझ्याजवळ असे बसले. तिने एका यंत्राच्या दोन सुया माझ्यात टोचल्या. "अठ्ठावीस... चौतीस... ओ गॉड, चाळीस!"

"किती हवं?"

"पंधरा, फार तर अठरा टक्के. वीसच्या वर पाणी गेलं की फंगसची पार्टी सुरू."

"बुरशी म्हण. माझा विषय आहे तो."

तोवर काकूंनी निखळलेल्या सिमेंटच्या तुकड्यामागून काही तरी काढले होते. त्यांनी पर्समधून भिंग काढले. "नेत्रा, हे बघ. शेवाळ. आपोआप उगवलेलं नाही हे, कोणी तरी दाबून भरलंय." त्यांनी ते थर्मासच्या झाकणात पाणी घेऊन बुडवले. दोन मिनिटांत चुरगळलेली पाने उलगडली, टम्म फुगली. पन्नास वर्षांहून जुने ते शेवाळ काही जिवंत झाले नाही, पण आपले काम विसरलेही नव्हते.

नेत्रा भिंतीकडे पाहत राहिली. "म्हणजे ओरिजिनल सिस्टीम परफेक्ट होती. आणि मग कुठल्या तरी शहाण्याने सिमेंट भरून सगळं सील केलं. यार, कोणाला विचारायचं तरी ना!"

मागे फादर तिखोन पाव घेऊन उभे होते. मराठी त्यांना येत नव्हती, पण नेत्राचा हात सिमेंटवर होता आणि तिचा चेहरा बोलत होता. पुढचे बोलणे इंग्रजीत झाले. मी तुम्हाला अर्थ सांगतो.

"सिमेंटनं नुकसान झालं का?" त्यांनी विचारले.

"हो. ज्याने भरलं त्याला लाकूड माहीत नव्हतं."

"मी भरलं."

नेत्राने सिमेंटवरचा हात काढून घेतला. फादरनी पाव पायरीवर ठेवला. "पन्नास वर्षं मी या भिंतीला हात लावून प्रार्थना केली. तिला मीच मारलं का, एवढंच मला सांगा."

"उद्या ड्रिल आणते," नेत्रा हळू आवाजात म्हणाली. "ओंडक्याच्या आत पाहिल्याशिवाय मला सांगता येणार नाही. आज काही बोलले तर तो नुसता अंदाज होईल."

ती कोपऱ्याची मापे घ्यायला गेली. शुभाकाकूंनी फादरना पायरीवर बसवले आणि कपात चहा ओतला.

"आज बुधवार," फादर संकोचून म्हणाले. "बुधवारी आणि शुक्रवारी आम्हाला दूध चालत नाही. उपास असतो."

"उपासाला दूध चालत नाही? आमच्याकडे उपास दुधावरच चालतो!" काकूंनी कप परत घेतला. "आता कोराच आणत जाईन. आलं घालून."

फादर किंचित हसले. काकूंनी माझ्याकडे पाहिले. मग म्हणाल्या, "माझ्या शाळेत एक कडुनिंब होता. ऐंशी वर्षांचा. त्याच्या बुंध्याभोवती पावसात चिखल व्हायचा, मुलं घसरायची. मी निसर्ग मंडळाची प्रमुख. मीच पुढाकार घेतला आणि त्याला पार बांधून घेतला. सिमेंटचा, छान गोल, अगदी खोडापर्यंत. उद्घाटन झालं, टाळ्या झाल्या. चार वर्षांत झाड वाळलं."

"मुळं," फादर म्हणाले.

"मुळांना हवा लागते हे मी बत्तीस वर्षं फळ्यावर लिहीत होते. आणि मीच त्यांचं तोंड बंद केलं."

"कोणी रागावलं तुमच्यावर?"

"कोणाच्या लक्षातच आलं नाही. सगळे म्हणाले, वय झालं होतं झाडाचं. झाड गेलं, पार आहे अजून. त्यावर माझ्या नावाची पाटी आहे." त्यांनी थर्मासचे झाकण घट्ट केले. "नेत्रालासुद्धा हे सांगितलं नाही मी कधी."

फादरनी पाव मोडून अर्धा त्यांना दिला. दोघे पायरीवर शेजारी शेजारी बसून राहिले. चहा निवला.

दुसऱ्या दिवशी नेत्राने सुईसारखे बारीक ड्रिल आणले. ते लाकडात शिरताना त्याला किती जोर लागतो, त्याची रेघ कागदावर उमटते. घट्ट लाकडात रेघ उंच जाते, पोकळीत खाली पडते. दिवसभर तिने चारही भिंती तपासल्या. काकू आकडे लिहून घेत होत्या. माझी पाळी शेवटी आली. सुई माझ्यात तीन इंच शिरली आणि रेघ खाली पडली ती पडलीच.

फादर तिखोन कुलूप लावलेल्या दारापाशी उभे होते. नेत्रा त्यांच्यासमोर कागद घेऊन गेली.

"चर्च मेलेलं नाही, फादर. एक ओंडका गेलाय." तिने माझ्यावर हात ठेवला. "हा. सगळं पाणी वाहत खाली आलं आणि याने ते घेतलं. देवदार होता म्हणून इतकी वर्षं टिकला. वरचे सगळे शाबूत आहेत."

"हा गेला तो माझ्यामुळे?"

नेत्राने आईकडे पाहिले. काकूंनी मान हलवली नाही की डोळे खाली केले नाहीत. खोटे बोलणे सोपे होते.

"हो," नेत्रा म्हणाली. "सिमेंटमुळे. पण आत्ता सिमेंट काढलं तर बाकीचे सगळे वाचतील. आणि ते काढायला माहीतगार हात हवेत. कुठे किती खोल भरलंय हे तुमच्याशिवाय कोणाला माहीत आहे?"

फादरनी कागदावरची ती पडलेली रेघ बोटाने शेवटपर्यंत गिरवली. मग ते खाली वाकले आणि तळहात प्रथमच सरळ माझ्यावर ठेवला.

"छिन्नी कोणती लागेल?" त्यांनी विचारले.

अहवाल मुदतीत गेला आणि दुरुस्तीची परवानगी मिळाली. पूर्ण वसंत ऋतू फादर तिखोन छिन्नीने सांधे मोकळे करत होते. एकोणऐंशी वर्षांचे हात. दिवसाला दोन फूट, कधी तीन. काकू शनिवारी येत, तुकडे बादलीत भरत आणि आल्याचा कोरा चहा पाजत.

जून महिन्यात सुतार आले. त्यांनी जॅक लावून चर्च दोन बोटे उचलले. शंभराहून अधिक वर्षांत प्रथमच माझ्या पाठीवरचा भार गेला. तेव्हा काय वाटले, ते मला नीट सांगता येत नाही. हलके वाटले आणि फार एकटेही वाटले. मला दोरांनी ओढून बाहेर काढले. माझ्या जागी वादळात पडलेल्या एका देवदाराचा ओंडका गेला. सुताराने त्याच्यावरच्या ओंडक्याची पन्हळ पाहिली, खालच्या अंगाला कोरलेली, आणि तो आपल्या माणसांना म्हणाला, "बघा, काय माणूस होता!" वासिल, तू ऐकायला हवे होतेस.

दरवाजा उघडला. प्रार्थनेचे सूर पुन्हा लाकडातून आले, पण आता मला ते बाहेरून ऐकू आले.

माझा कुजलेला भाग कापून टाकला. उरलेला मी भिंतीसमोर दोन दगडांवर ठेवला गेलो. सप्टेंबरमध्ये जंगलातून शेवाळ आले, वाळवले गेले आणि टक् टक् टक् सुरू झाली. फादर तिखोन यांना आता गुडघे टेकता येत नाहीत. ते माझ्यावर बसतात आणि हात पुढे करून नव्या ओंडक्याचा सांधा भरतात. मधूनच थांबतात. मग पुन्हा मोगरी उचलतात.

शुभाकाकू जुलैमध्येच नागपूरला परतल्या. परवा नेत्रा आली तेव्हा फोनवर फोटो दाखवत होती. "फादर, आई शाळेत जाऊन बसली. तिथे अजून दोन झाडांना तसेच पार होते. दोन्ही फोडायला लावले. मुख्याध्यापक जाम वैतागलेत."

"आणि नावाची पाटी?" फादरनी विचारले.

"ती ठेवलीय. आई म्हणते, राहू दे, मुलं विचारतील."

ऑक्टोबरमध्ये बेलव्ह्यूच्या मराठी शाळेतली मुले सहलीला आली. मित्रांनो, तुमच्यातलेच काही असतील. आन्या नावाच्या मुलीने माझ्या कापलेल्या तोंडावरची वर्तुळे मोजली. दोनशे अडुसष्ट. मग तिने विचारले, "व्हेअर इज द सिमेंट इयर?"

"ते वर्ष यात नाही गं," नेत्रा म्हणाली. "झाड तोडलं की लाकूड वर्षं मोजायचं थांबतं."

फादर तिखोन यांनी आन्याचे बोट धरले आणि कडेला राहिलेल्या सिमेंटच्या करड्या डागावर ठेवले. "हिअर," ते म्हणाले. आन्याने तो डाग बराच वेळ चाचपला. मग ती माझ्यावर, त्यांच्या शेजारी, बसली.

मित्रांनो, मी दुर्लक्षाने कुजलो असे तुम्हाला वाटू नये. मी मायेने कुजलो. म्हणून माझी एक विनंती आहे. जुन्या गोष्टीची काळजी घ्याल तेव्हा आधी गुडघे टेका. ती कशी बनली आहे, श्वास कुठून घेते, ते विचारा. एकदा काम करून शंभर वर्षे बघायला नको, अशी कोणतीच काळजी नसते. दर सप्टेंबरला जाऊन बसावे लागते.

आणि ज्याच्या हातून चूक झाली असेल, त्याला चूक खरी खरी सांगा. वासिल म्हणत असे ते अजून खरे आहे, पाण्याला बसायला जागा देऊ नये. माणसाला मात्र द्यावी. मी आता तेवढ्यासाठीच इथे आहे.